वामन नावाचा खण

दोन-तीन वर्षांमागची गोष्ट. वारणेच्या काठी एका खेड्यात व्याख्यानासाठी गेलो होतो. व्याख्यान रात्री, जेवणखाण उरकल्यावर. दुपार मोकळी होती. शाळेचे गुरुजी म्हणाले, "चला सर, तोवर आमचं वाचनालय तरी बघा." वाचनालय म्हणजे ग्रामपंचायतीच्या माडीवरची एक खोली, तीन कपाटे आणि एक बाक. पुस्तके गुरुजींनी स्वतः लावली होती. लावताना त्यांनी सोपी युक्ती योजली होती. लेखकाचे पहिले नाव धरायचे आणि त्या नावाचा एक खण करायचा. आडनावे पोरांच्या ध्यानात राहत नाहीत, असे त्यांचे म्हणणे.

एका खणावर चिठ्ठी होती, 'वामन'. त्यात काय काय होते ते सांगतो. वामनपंडितांच्या कवितांच्या संग्रहाचे दोन भाग, निर्णयसागर छापखान्याचे. 'यथार्थदीपिके'चा एक जाडजूड खंड. भर्तृहरीच्या शतकांच्या मराठी श्लोकांची एक फाटकी प्रत. तिला टेकून वामन शिवराम आपटे यांचा संस्कृत-इंग्रजी कोश. त्याच्या पुढे 'रागिणी' आणि 'सुशीलेचा देव' या कादंबऱ्या. आणि अगदी कडेला 'रणदुंदुभि' हे नाटक. सातवीतला एक मुलगा आमच्या मागे मागे फिरत होता. त्याने विचारले, "गुरुजी, एवढं सगळं एकाच माणसानं लिहिलं?"

मी हसलो. कॉलेजातला माणूस खेड्यातल्या कपाटाला हसतो तसा हसलो, हे कबूल करतो. पण रात्री अंथरुणावर पडल्यावर ते हसू ओसरले. कारण त्या पोराने विचारलेला प्रश्न मराठी कवितेचे जाणकार कितीतरी वर्षे विचारीत आले आहेत, आणि त्याचे उत्तर आजही सर्वांना सारखे पटलेले नाही. खणातले अलीकडचे लेखक सोडा. जुना वामन तरी एकच होता का?

आधी सोपी वाटणी उरकून घेऊ. आपटे हे फर्ग्युसन कॉलेजचे पहिले प्राचार्य. त्यांचा मोठा कोश १८९० चा, आणि दोनच वर्षांनी, ऐन उमेदीत, ते गेले. 'रागिणी' आणि 'सुशीलेचा देव' या कादंबऱ्या वामन मल्हार जोशी यांच्या. 'रणदुंदुभि' नाटक वामन गोपाळ जोशी यांचे. हे दुसरे जोशी अमरावतीचे. लोक त्यांना वीर वामनराव म्हणत. १९२७ चे हे त्यांचे नाटक बळवंत संगीत मंडळीने रंगभूमीवर आणले आणि दीनानाथांनी त्यातली पदे गाजवली. याच दीनानाथांचे बिऱ्हाड पुढे सांगलीस होते, हे इकडच्या वडीलधाऱ्यांना आठवत असेल. आता गंमत पाहा. दोघेही वामनराव, दोघेही जोशी, वयाने जवळजवळ बरोबरीचे, दोघेही लेखक आणि दोघांनीही इंग्रजी अमदानीत तुरुंग पाहिलेला. वामन मल्हारांना तो घडला कोल्हापूरच्या 'विश्ववृत्त' मासिकातील १९०८ च्या एका लेखापायी, आणि तो लेखही त्यांचा नव्हे, पंडित सातवळेकरांचा. या दोघांना वेगळे ठेवणारी वस्तू कोणती? एक 'म' आणि एक 'गो'. वडिलांच्या नावाचे अक्षर. तेवढे पुरते.

आपल्या मराठीत लेखकाचे नाव तीन पदरी असते. स्वतःचे, बापाचे आणि घराण्याचे. छापील पुस्तकाच्या पहिल्या पानावर ते येते, शिवाय साल येते आणि छापखाना येतो. एवढ्या खुंट्यांना बांधलेला माणूस सहसा हरवत नाही. तरी क्वचित नाव स्वतःच बदलते. सांगलीत १८९८ साली जन्मलेले गणेश आत्माराम खांडेकर दत्तक गेले आणि विष्णु सखाराम झाले. 'ययाति' लिहिणारे वि. स. खांडेकर ते हेच. पण त्यांची दत्तकाची हकीकत लिहून ठेवलेली आहे, म्हणून घोटाळा होत नाही. हीच गोष्ट तीनशे वर्षांपूर्वी घडती, आणि लिहून ठेवणारा कोणी नसता, तर आज गणेश खांडेकर नावाच्या एका निराळ्या कवीचा आपण शोध घेत बसलो असतो.

आता जुन्या वामनाकडे येतो. त्या काळच्या कवीला छापील पान नव्हते. कवितेच्या शेवटच्या चरणात आपले नाव गुंफायचे, हीच त्याची सही. अभंगात 'तुका', 'नामा', 'एका जनार्दनी', तसे इथे 'वामन'. बापाचे नाव तिथे मावत नाही आणि आडनावाला वृत्तात जागा नाही. फार तर गुरूचे नाव येते. म्हणजे वामन नावाच्या कोणीही श्लोक रचला तर सही सारखीच. त्यात आणखी एक मौज आहे. बळी राजाच्या आख्यानात शेवटी 'वामन' हा शब्द आला, तर तो कवी समजायचा की तीन पावले भूमी मागणारा देव?

परंपरा सांगते ती हकीकत अशी. वामनपंडित हे शेष घराण्यातले, मूळ विजापूरकडचे. काळ साधारण १६०८ ते १६९५. म्हणजे समर्थ रामदास आणि हे एका वर्षाचे. काशीला जाऊन शास्त्रे शिकले, वादात भल्याभल्यांना जिंकले. संस्कृताचा एवढा अभिमान की मराठीत लिहिणे त्यांना कमीपणाचे वाटे. पुढे मलयाचलावर एका यतीचा उपदेश झाला आणि हा पंडित मराठीकडे वळला. कोणी या वळणाचे श्रेय रामदासांना देतात. कथा म्हणून ती सुरेख आहे. पंडिती उतरवून ठेवून माणूस आपल्या आईच्या भाषेत परत येतो, असे ऐकायला कोणालाही आवडते.

त्या वामनाच्या नावावर काय आहे ते बघा. गीतेवरची 'यथार्थदीपिका' ही टीका, सुमारे बावीस हजार ओव्यांची. ज्ञानेश्वरी नऊ हजारांच्या आसपास आहे, हे ध्यानात घ्या, म्हणजे आकार कळेल. 'निगमसागर' हा वेदान्ताचा ग्रंथ. गीतेचीच समश्लोकी, म्हणजे मुळात जितके श्लोक तितकेच मराठीत. भर्तृहरीची नीती, शृंगार आणि वैराग्य ही तिन्ही शतके. जगन्नाथ पंडितांच्या गंगालहरीचे मराठी रूप. आणि मग आख्यानांची रांग लागते. गजेंद्रमोक्ष, सीतास्वयंवर, भरतभाव, वनसुधा, वेणुसुधा, कात्यायनीव्रत, अशी कितीतरी. आपल्या आजोबांना जो वामन पाठ होता, तो या आख्यानांतला आणि नीतिशतकातला. हरिदास कीर्तनाला उभा राहिला की पूर्वरंग कोणताही असो, उत्तररंगात वामनाचा श्लोक यायचाच. बावीस हजार ओव्या मात्र कोणाला पाठ नव्हत्या, आणि खरे सांगायचे तर आजही त्या पुऱ्या वाचणारा विरळा. मी स्वतः त्या सलग कधी वाचल्या नाहीत. लागतील तशा वाचल्या.

शंका येते ती इथे. यथार्थदीपिका लिहिणारा माणूस शास्त्री आहे. तो वाद घालतो, पूर्वपक्ष मांडतो, खोडतो, एका शब्दाला धरून पाच पाच ओव्या खर्च करतो. कवितेची त्याला फारशी पर्वा नाही. आणि आख्यानांतला वामन? तो शब्दांत रमतो. त्याला यमकाचे वेड आहे. यमक म्हणजे तीच अक्षरे पुन्हा आणायची, पण अर्थ वेगळा करायचा. श्लोकाच्या चारही चरणांत हा खेळ चालतो, इतका की लोकांनी त्याचे नावच 'यमक्या वामन' ठेवले. तेही रामदासांनी ठेवले, असे म्हणतात. रामदासांच्या माथी आपण पुष्कळ काही घालतो, तसेच हेही असेल. तेव्हा अभ्यासकांनी विचारले, हे दोन स्वभाव एका माणसाचे कसे? कोणी दोन वामन मानले, कोणी त्याहून अधिक. टीका लिहिणारा एक, यमक्या दुसरा, आख्याने रचणारा आणखी कोणी. काहींनी उलट सांगितले की वामन एकच, तुम्ही उगाच त्याचे तुकडे करता.

वाचकहो, तुम्ही म्हणाल, एक असो की तीन, आम्हाला श्लोक मिळाला म्हणजे झाले. मलाही पूर्वी तसेच वाटे. पण जरा विचार करा. जर आख्याने रचणारा वामन खरोखर वेगळा असेल, तर ज्याचे श्लोक महाराष्ट्रातल्या घराघरांत दोनशे वर्षे म्हटले गेले, त्या माणसाचे आपल्याजवळ काही म्हणजे काहीच उरलेले नाही. गाव नाही, बाप नाही, जन्माचे साल नाही. त्याची सगळी कमाई एका मोठ्या पंडिताच्या खात्यावर जमा झाली. आणि जर वामन एकच असेल, तर आपण एका समर्थ माणसाला उगाच चिरून त्याच्या आयुष्यातली सर्वांत मोठी गोष्ट नाहीशी करतो. ती गोष्ट म्हणजे, शास्त्राच्या ओझ्याखालूनही तो हसतखेळत लिहू शकत होता. दोन्हीकडून कोणावर तरी अन्याय होतोच.

स्वभाव दिसतात दोन, म्हणून माणसे दोन, हा न्याय मला पटत नाही. एकनाथांनी भागवतावर टीका लिहिली आणि भारुडेही लिहिली. दासबोधातला कडक, हिशेबी माणूस करुणाष्टकांत लहान मुलासारखा रडतो. तिथे आपण दोन रामदास मानत नाही, कारण चाफळ, सज्जनगड आणि शिष्यांच्या वह्या यांनी तो माणूस घट्ट धरून ठेवला आहे. वामनाला असे धरून ठेवणारे कोणी मिळाले नाही, एवढाच फरक.

असा तंटा एकट्या वामनाचाच नाही. १८९८ च्या सुमारास 'सुधारक' पत्रात शिवराम एकनाथ भारदे यांनी 'भारद्वाज' या नावाने लेख लिहून ज्ञानदेव दोन होते असा पक्ष मांडला. ज्ञानेश्वरीकार एक, अभंग रचणारे आळंदीचे दुसरे. केवढी खळबळ उडाली! भिंगारकरबुवांनी त्यांना उत्तर दिले, वाद वर्षानुवर्षे चालला, आणि बहुतेकांनी अखेर एकच ज्ञानदेव मानले. नामदेवांच्या बाबतीत मात्र निकाल उलट लागला. तेराव्या-चौदाव्या शतकातले संत नामदेव निराळे आणि सोळाव्या शतकातला, महाभारत ओवीत आणणारा, 'शुकाख्यान' लिहिणारा विष्णुदास नामा निराळा, हे आता सर्वमान्य आहे. तरी गाथेत दोघांचे अभंग मिसळले ते मिसळलेच. दोघेही 'नामा' म्हणून सही करणारे. म्हणजे वाद घालणारे प्रत्येक वेळी चुकतात असेही नाही आणि बरोबर असतात असेही नाही.

मग सातारकडच्या कवींनी यावर काही उपाय केला होता का? केला होता, आणि तो आपल्या गावाकडचा आहे. रामदासांच्या भोवतीचे जे पंचायतन सांगतात, त्यातली नावे आठवा. निगडीचे रंगनाथस्वामी, वडगावचे जयरामस्वामी, कृष्णा-येरळेच्या संगमावरच्या ब्रह्मनाळचे आनंदमूर्ती, भागानगरचे केशवस्वामी. प्रत्येकाच्या नावाला गाव जोडलेले आहे. रंगनाथ पुष्कळ झाले असतील, पण निगडीकर म्हटले की माणूस ठरला. आडनावाचे काम गावाने केले. यातली तीन गावे आजच्या सातारा-सांगली या दोन जिल्ह्यांतलीच आहेत.

तेव्हा वामनाचे गाव सापडले की काम झाले, असे वाटेल. आणि इथे मात्र आपल्या दोन जिल्ह्यांचा खरा संबंध येतो. वामनपंडितांची समाधी म्हणून परंपरा दोन ठिकाणे सांगते. एक वाईजवळचे भोगाव. दुसरे वारणेकाठचे कोरेगाव. एक सातारा जिल्ह्यात, दुसरे सांगली जिल्ह्यातल्या वाळवा तालुक्यात. मधले अंतर चांगले दिवसभराच्या बैलगाडीच्या पल्ल्याहून अधिक. आणि कोरेगाव तरी एक आहे का? रेल्वेने साताऱ्याकडे येताना लागते ते तालुक्याचे कोरेगाव निराळे. पुणे जिल्ह्यातले भीमेचे कोरेगाव निराळे. वारणेचे हे तिसरे. नावाचा गुंता सोडवायला गाव आणावे, तर गावाचाही यमक!

त्यात सरकारी दप्तराने आणखी एक गाठ मारून ठेवली आहे. आजचा सांगली जिल्हा पूर्वी नव्हता. वाळवा, शिराळा, खानापूर, तासगाव हे तालुके सातारा जिल्ह्यातच होते. १९४९ साली संस्थाने विलीन झाल्यावर दक्षिण सातारा जिल्हा झाला, आणि १९६० साली त्याचे नाव सांगली ठेवले. म्हणजे जुन्या पुस्तकात 'कोरेगाव, जिल्हा सातारा' एवढेच छापलेले असेल, तर ते तालुक्याचे कोरेगावही असू शकते आणि वारणाकाठचेही. तालुका दिलेला नसेल तर वाचणारा सरळ रेल्वेचे तिकीट काढून चुकीच्या गावी उतरायचा. नामदेवांच्या जन्मगावाचेही असेच झाले. जुने विद्वान नरसी-बामणी हे गाव कऱ्हाडजवळ, सातारा जिल्ह्यात असल्याचे लिहीत. इकडे नरसिंगपूर म्हणून गाव आहेच, तेव्हा ते पटतही असे. आज ते गाव हिंगोली जिल्ह्यातले नरसी म्हणून मानतात. मैलांचा हिशेब केला तर केवढी ही चूक! पण ती अडाण्यांनी केलेली नाही, भल्या अभ्यासकांनी केलेली आहे.

मुळात हे सगळे वामन एका गाठोड्यात आले कसे? ते काही कोणी लबाडीने केले नाही. पोथ्या हाताने उतरून घेत. उतरणारा आपल्याला आवडलेले आख्यान त्याच बाडात पुढे लिहून टाकी. हरिदासाला एका कवीचे दहा श्लोक येत, अकरावा त्याच चालीचा दुसऱ्या कोणाचा आला तर तोही त्यातच बसे. मोठ्या नदीला ओढे मिळतात आणि पुढे सगळे पाणी कृष्णेचेच म्हणतात, तसे हे. मग छापखाना आला. परशुरामपंत तात्या गोडबोले, हे मूळचे वाईचे, यांनी १८५४ साली 'नवनीत' काढले. जुन्या कवींचे वेचे त्यात कवीच्या नावाने लावले. ते पुस्तक शाळांतून पिढ्यान् पिढ्या चालले. त्या पोरांना वामन एकच माहीत, कारण पुस्तकात वामनाचे प्रकरण एक. पुढे १८९० पासून 'काव्यसंग्रह' निघू लागला. जुन्या कवितेसाठी त्या मंडळींनी जी मेहनत केली तिला तोड नाही. घरोघरच्या बाडांतून कविता काढून त्यांनी छापल्या, नाहीतर त्या वाळवीच्या पोटात गेल्या असत्या. त्या संपादकांतले एक वामन दाजी ओक. गुरुजींच्या खणात या वामनालाही जागा द्यायला हवी होती!

माझे मत विचाराल तर सांगतो. यथार्थदीपिका, निगमसागर आणि समश्लोकी ही एका हातची असे मला वाटते. नीतिशतकही त्याच हाताचे मानायला माझी हरकत नाही. आख्यानांपैकी काही त्याची असतील. पण सगळी त्याची नसावीत. फार यमकाच्या आहारी गेलेली काही आख्याने कोणा दुसऱ्या, कदाचित कीर्तनात वाढलेल्या वामनाची असावीत. हे मत आहे, पुरावा नव्हे. पुरावा असलाच तर तो छापील पुस्तकात असणार नाही. तो पोथीच्या शेवटच्या पानावर असेल. पोथी कोणी उतरली, कोणत्या शकात, कोणत्या गावी, कोणासाठी, हे उतरणारा तिथे लिहीत असे. शंभर वेळा छापलेल्या श्लोकापेक्षा त्या चार ओळींचे मोल मला अधिक वाटते. दुर्दैव असे की बांधून ठेवलेल्या पोथीचे पहिले झिजते ते पहिले पान आणि शेवटचे पान.

हे सगळे त्या रात्री व्याख्यानात सांगितले. ठरलेला विषय दुसराच होता, पण बोलून गेलो. लोकांनी ऐकून घेतले. सकाळी एस. टी.ची वाट बघत उभा होतो, तेव्हा एक म्हातारे गृहस्थ फडक्यात बांधलेली पोथी घेऊन गुरुजींकडे आले. त्यांच्या आजोबांच्या वेळची, कीर्तनाची. आत गजेंद्रमोक्ष होता, शेवटच्या श्लोकात 'वामन' होता, आणि पुढचे पान नव्हते. गाडीला अवकाश होता म्हणून आम्ही तिघे पुन्हा माडीवर गेलो. गुरुजींनी खणावरची चिठ्ठी काढली. आपटे, दोन्ही जोशी, यांच्यासाठी आडनावांच्या निराळ्या चिठ्ठ्या केल्या. मग नोंदवही उघडून पोथी चढवली. पुस्तकाचे नाव, दिनांक, कोणाकडून मिळाली, ते घर आणि ती वाडी, असे सगळे खुलासेवार लिहिले. कर्त्याच्या रकान्यापाशी येऊन त्यांनी माझ्याकडे पाहिले. मी काही बोललो नाही. तेव्हा त्यांनी 'वामन' एवढेच लिहिले आणि पुढे पेन्सिलीने एक प्रश्नचिन्ह काढले.